खालच्या पट्टीचं कुंपण

वकिलांनी कोर्टाच्या फाटकातून बाहेर पडता पडता एवढंच सांगितलं होतं की जमिनीच्या पाहणीच्या दिवशी ताबा दिसला पाहिजे. धाकट्याने ते वाक्य घरी आणलं, जेवताना दोनदा म्हणून दाखवलं, आणि दुसऱ्या दिवसापासून सगळं घर ताबा दाखवायच्या मागे लागलं.

बाबांना जाऊन महिना होत आला होता. थोरली सासरहून आली होती ती अजून परतली नव्हती. नवऱ्याने फोनवर विचारलं की ती पाहणी होऊ दे म्हणायची, आणि तोही पुढे बोलायचा नाही. घरात माणसांची ये-जा चालूच होती. कुणी ना कुणी दाराशी चपला काढायचं, आईसमोर बसायचं, बाबा किती कष्टाळू होते ते सांगायचं आणि जाताना हळूच विचारायचं, खालच्या पट्टीचं काय झालं?

खालची पट्टी म्हणजे ओढ्याकडेची लांबट जमीन. बाकीचं रान पावसावर होतं. पाणी होतं ते या पट्टीत, विहीर होती ती इथे, आणि घर वर्षभर खायचं ते इथल्या कांद्या-बटाट्यावर. ती गेली तर वरचं रान असून नसल्यासारखं. हे आईला माहीत होतं, पोरांना माहीत होतं आणि तिच्यासाठी कोर्टात गेलेल्या काकाला सगळ्यांत जास्त माहीत होतं.

बाबांचं कुंपण म्हणजे ठिगळांचा बाजार होता. कुठे लाकडी खांब, कुठे गंजका पाइप, एका ठिकाणी तर मोडलेल्या पलंगाचा पाय. तारेला इतके जोड, की मूळ तार किती आणि गाठी किती हे सांगता येऊ नये. खांब कुजला तर बाबा तो उपटत नसत. त्याच्या शेजारी दुसरा रोवत आणि दोघांना बांधून टाकत. रस्त्याने जाणारे थट्टा करत, की म्हाताऱ्या खांबाला काठी दिली वाटतं. बाबा हसायचे. धाकट्याला मात्र ते हसू लहानपणापासून टोचत आलं होतं.

“कोर्टाचे साहेब येणार आणि हे बघणार?” तो म्हणाला. “म्हणतील, ज्याला कुंपण धड घालता येत नाही तो मालक कसला?”

थोरलीलाही ते पटलं. पाहुणे येणार म्हटल्यावर घर झाडायचं, एवढंच तिला त्यात दिसलं.

खांब उपटताना जमिनीखालचं लाकूड भुसभुशीत होऊन हातात यायचं. धाकटा पहारीने माती सैल करायचा, थोरली खांबाला मिठी मारून हलवायची. पहिल्याच दिवशी तिच्या तळहातांना फोड आले, ते फुटले, त्यावर कापड बांधून तिने पुन्हा हात घातला. उपटलेले खांब फोडून न्हाणीघराशी रचले. घरात माणसं इतकी, की पाण्याचा हंडा चुलीवरून उतरतच नव्हता. जुनी तार गुंडाळून भंगारवाल्याला दिली. त्याने ती हाताने तोलली, तोंड वाकडं केलं आणि नेली.

मग सिमेंटचे खांब आले. दोरी लावून ते ओळंब्यात उभे केले. नवी तार ओढून अशी ताणली, की बोट मारलं तर वाजावी. पंपाच्या खोलीला थोरलीने स्वतः रंग दिला. रंगाचे थेंब केसात सुकले. त्या रात्री, बाबा गेल्यापासून पहिल्यांदा, तिला पडल्या पडल्या झोप लागली.

एकाच ठिकाणी अडचण आली. बांध जिथे ओढ्याकडे वळतो त्या कोपऱ्यावर तुतीचं झाड होतं. तिथे बाबांनी कधी खांब लावलाच नव्हता. तार झाडाच्या एका अंगाने आत जायची आणि दुसऱ्या अंगाने बाहेर यायची. बुंधा तिच्यावर वाढून बसला होता. साल दोन्हीकडून येऊन मिटलेल्या ओठांसारखी झाली होती. धाकट्याने जोर लावला, पक्कड लावली, शेवटी दोन्हीकडून सालीलगत तार छाटली आणि म्हणाला, “आतली खाऊ दे झाडाला.” नवा खांब त्याने झाडाला लागूनच रोवला.

बाबा त्याच झाडाला टेकून बसलेले सापडले होते. मांडीवर खुरपं, मान एका बाजूला, जणू कांद्याच्या वाफ्यात पाणी कुठवर गेलं ते बघताहेत. तेव्हापासून आई रोज दुपारी भांगलण थांबवून तिथे जाऊन बसायची. रडायची नाही. पदराने खुरप्याची माती पुसत राहायची. झाड फळावर होतं. उठताना तिच्या पाठीवर जांभळे डाग असायचे आणि ते कुणी तिला सांगायचं नाही.

पाहणीच्या आदल्या दिवशी वकील आले. धाकटा त्यांना लग्नमांडव दाखवावा तसा कुंपणाच्या कडेने घेऊन चालला. वकील अर्ध्या वाटेत थांबले. त्यांनी खांबाला हात लावला. सिमेंटची पांढरी भुकटी बोटांना लागली ती बघत राहिले.

“हे कधी केलं?”

“याच आठवड्यात. पंपाची खोलीपण रंगवली.”

“आणि जुनं कुठाय?”

धाकट्याने अभिमानाने सांगितलं. सांगता सांगताच त्याचा आवाज खाली आला, कारण वकील बांधावर मटकन बसले होते.

मग त्यांनी समजावलं ते थोरलीच्या जन्मभर लक्षात राहिलं. कागदावर खालची पट्टी काकाच्या नावावर होती. बाबांच्या नावावर होता वरच्या रानापलीकडचा माळ. दोघा भावांनी तरुणपणी तोंडी अदलाबदल केली होती, कारण काकाला शेतीत रस नव्हता आणि बाबांना पाण्याशिवाय करमत नव्हतं. पुढे माळावरून रस्ता गेला. माळ विकायला सही बाबांनी केली आणि आलेली रक्कम न मोजता काकाच्या हातात दिली. या सगळ्याला कागद नाही. साक्षीदार म्हणावा तर एक भाऊ गेलेला आणि दुसरा समोरच्या बाजूला. काका कोर्टात म्हणत होता की अदलाबदल झालीच नाही, जमीन माझीच, भावाला पिकवून खायला दिली होती. कुंपण भावाने कधी घातलं नाही, कारण परक्याच्या जमिनीला कुंपण कोण घालतं? उरला होता तो ताबा. कायद्याने ठरवलेली वर्षं, उघडपणे, मालकासारखा ताबा दाखवला तर जमीन कसणाऱ्याची. आणि त्या वर्षांची खूण होतं ते कुजकं कुंपण.

“एकेक खांब तुमच्या बाजूचा साक्षीदार होता हो,” वकील म्हणाले. “आता ते म्हणतील, म्हातारा डोळे मिटतोय तोच पोरांनी कुंपण ठोकलं. आणि बघणाऱ्याला तसंच दिसणार.”

“तुम्हीच म्हणालात ताबा दिसला पाहिजे,” धाकटा म्हणाला.

“दिसला पाहिजे म्हणालो. सजवला पाहिजे म्हणालो नाही.”

ते गेल्यावर धाकटा थेट न्हाणीघराकडे गेला. थोरली मागून गेली तर तो चुलीतली राख चाळत बसला होता. हाताशी जळक्या खिळ्यांची छोटी रास झाली होती. तिने भंगारवाल्याकडे जाऊन पाहिलं. त्याचा माल सकाळीच गाडीत भरून गेला होता. परत आली तेव्हाही धाकटा राखेतच होता, कोपरापर्यंत पांढरा.

“लहानपणापासून वाटायचं, एकदा तरी हे कुंपण नीट करीन,” तो म्हणाला. “आणि केलं.”

आई उंबऱ्यावर उभी होती. ती म्हणाली की उठ, हात धू, उद्या साहेबांसमोर असाच जाणार आहेस का? रात्री तिने त्याच्या ताटात नेहमीएवढंच वाढलं.

दुसऱ्या दिवशी साहेब आले. कोर्टाने नेमलेला उंच, थकलेला माणूस, बगलेत फाइल, गळ्यात कॅमेरा. दुपारनंतर त्यांना आणखी एक पाहणी होती आणि ते त्यांनी आल्या आल्या सांगून टाकलं. त्यांच्यामागून काकाचा वकील आला, आणि सर्वांत शेवटी काका.

काका वाळला होता. भाऊ गेला तेव्हा तो येऊन गेला होता, पण दाराशीच उभा राहून. आता तो आईला म्हणाला, “बरं आहे ना, वहिनी?” आईने मान हलवली. तो दूर, ओढ्याच्या बाजूला जाऊन उभा राहिला. हात मागे बांधून उभं राहायची त्याची रीत हुबेहूब बाबांची होती. थोरलीने नजर फिरवली.

साहेबांनी विहीर पाहिली, वाफे पाहिले. मग कुंपणाशी आले. त्यांनीही खांबाला हात लावला आणि बोटं बघितली. काकाच्या वकिलाला बोलायची गरजच नव्हती. तो फक्त खांबामागून खांब दाखवत चालला, जसा धाकटा आदल्या दिवशी चालला होता. साहेब लिहीत होते. धाकट्याच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या.

“जुनं कुंपण होतं याची काही खूण?” साहेबांनी विचारलं. “खड्डे? खांबाचा तुकडा?”

खड्ड्यांत नवे खांब उभे होते. धाकट्याने मुठीतले जळके खिळे पुढे केले. काकाचा वकील हसला. मोठ्याने नाही, नाकातून. साहेब म्हणाले की खिळे काय, कुठलेही असतात. धाकट्याने मूठ मिटली, आणि ती मूठ कुठे ठेवावी ते त्याला कळेना.

ते तुतीजवळ पोचले होते. थोरलीने सवयीने झाडाला हात लावला. लहानपणी ती इथे रोज बोट लावून बघायची की तार किती आत गेली. आधी तारेवर अख्खं बोट टेकायचं. मग नुसतं नख. मग एका वर्षी सालच लागली. तिचं बोट त्या मिटलेल्या ओठांवर आलं आणि तिथेच थांबलं.

“साहेब, तार इथे आत आहे,” ती म्हणाली. “बाबांनी या झाडालाच मारली होती. झाड तेव्हा मनगटाएवढं होतं.”

साहेबांनी वाकून पाहिलं. सालीत छाटलेल्या तारेचं टोक टाचणीच्या डोक्याएवढं दिसत होतं. धाकटा पटाशी आणायला धावला. त्याने साल खरवडली, थोडी तार उघडी पडली. काकाचा वकील आता बोलला. म्हणाला, भेगेत तार ठोकायला किती वेळ लागतो? ज्यांनी आठवड्यात सगळं कुंपण उभं केलं त्यांना हे जड आहे का?

“ते बरोबर आहे,” साहेब म्हणाले. “नुसती वरून दिसून उपयोग नाही. तिच्यावर किती वर्षांचं लाकूड चढलंय ते दिसलं तर लिहिता येईल. त्याला आडवा छेद लागेल.” मग जरा थांबून म्हणाले, “झाड तोडा असं मी सांगू शकत नाही. आणि मला फार थांबताही येणार नाही.”

“झाडाला हात लावायला आमची हरकत आहे,” काकाचा वकील म्हणाला. “जमीन आमच्या अशिलाची, झाडही त्यांचंच.”

सगळ्यांनी काकाकडे पाहिलं. काका झाडाकडे बघत होता.

थोरलीला आत तार असल्याची खात्री होती आणि नव्हतीही. इतक्या वर्षांत ती गंजून विरली असेल तर? धाकट्याने जोर लावला तेव्हा आतच तुटून सरकली असेल तर? झाडही जाईल आणि पट्टीही. तिने आईकडे पाहिलं, आणि विचारायचं ते तोंडून निघेना. आईच्या पाठीवर आदल्या दिवशीचा डाग अजून होता.

“तोडा,” आई म्हणाली.

“आई, तू रोज तिथे...”

“ते काय झाडात बसलेत का?”

ती घरात गेली आणि दोन मुठींची मोठी करवत घेऊन आली. बाबांनी ती तेल लावून पोत्यात गुंडाळून ठेवली होती. आईने पोतं सोडलं, आतल्या पाचरी बाजूला काढल्या, पोत्याची घडी घातली आणि ते बांधावर ठेवलं. मग काकासमोर जाऊन उभी राहिली.

“भावजी, तुमची हरकत आहे का? वकिलाची नको, तुमची सांगा.”

काकाने मागे बांधलेले हात सोडले. “माझी कशाला असेल, वहिनी,” तो म्हणाला. त्याचा वकील पुढे सरसावला, तेव्हा काकाने त्याच्याकडे न बघता हात वर केला. साहेबांनी लिहून घेतलं.

ठरलं असं की खुणेच्या खाली एक छेद, वर एक, आणि मधला ओंडका उभा फाडायचा. एका मुठीला धाकटा, दुसरीला थोरली. तिचे फोड पहिल्या काही ओढींतच फुटले. करवत ओढायची असते, ढकलायची नसते, हे बाबांनी दोघांना लहानपणी इथेच शिकवलं होतं. पण धाकटा घाईत ढकलत होता आणि पातं वाकत होतं. ओला पिवळा भुसा पायांवर पडत होता. हादऱ्याने वरून फळं गळत होती. साहेब फाइल डोक्यावर धरून मागे सरले आणि त्यांनी घड्याळ पाहिलं.

अर्ध्यावर करवत अडकली. झाडाचा भार पात्यावर आला होता. धाकट्याने हिसके दिले. झाड करकरलं आणि पंपाच्या खोलीच्या बाजूला किंचित झुकलं.

“पाचर घाल,” मागून आवाज आला. “आधी पाचर, मग ओढ. आणि दोर कुठाय? दोराशिवाय झाड तोडतात का रे?”

काकाने चपला काढल्या होत्या. त्याने पोत्याशेजारची लाकडी पाचर उचलली, छेदात बसवली, कुऱ्हाडीच्या पाठीने दोन ठोके दिले, आणि पातं मोकळं झालं. दोर त्याने स्वतः फांदीत टाकला आणि ओढ्याच्या बाजूला जाऊन ताणून धरला. त्याचा वकील त्याच्याजवळ जाऊन घाईघाईने काही सांगत होता. काका दोराकडे बघत होता. “बाजूला व्हा वकीलसाहेब, लागेल,” एवढंच तो त्याला म्हणाला.

झाड ओढ्याच्या अंगाला पडलं. फांद्या पाण्यात गेल्या, पक्षी उठले. अंगणाएवढं ऊन अचानक बांधावर येऊन पडलं. आईने डोळ्यांवर हात धरला.

वरचा छेद झाला. ओंडका सुटा झाला. थोरलीने तो आडवा करून पाहिला, पण छेदात नुसतं पिवळं लाकूड होतं, वळ्यांमागून वळी. साहेबांनी घड्याळ पाहिलं. धाकट्याने ओंडका उभा केला, पोलादी पाचर मधोमध ठेवली आणि घण उचलला. पहिला घाव सरकला. दुसऱ्याला पाचर बसली. तिसऱ्याला चरचर असा आवाज आला आणि लाकूड उघडलं, पण पूर्ण नाही. दोन फाका एकमेकींना धरून राहिल्या. आत काहीतरी होतं जे त्यांना सोडत नव्हतं.

धाकट्याने पहार घालून त्या फाकवल्या.

तार होती. या अंगापासून त्या अंगापर्यंत सरळ, काळी, आणि तिच्याभोवतीचं लाकूड शाई सांडावी तसं निळं-काळं झालेलं. मधोमध वाकलेला खिळा. साहेब गुडघ्यावर बसले. पेनाच्या टोकाने तारेपासून सालीपर्यंत वळ्या मोजू लागले. एकदा मोजल्या. ओठ हलवत पुन्हा मोजल्या. काकाच्या वकिलाने वाकून पाहिलं आणि तो सरळ झाला. फोटो निघाले.

“तारेखाली हे काय आहे?” साहेबांनी विचारलं.

तार आणि लाकूड यांच्यामध्ये बोटभर लांबीची चपटी पट्टी होती. साहेबांनी ती पेनाने खरवडली. वरचा काळा थर निघाला आणि खालून निळा रंग दिसला. लाकडाने इतकी वर्षं धरून ठेवलेला, नवा कोरा.

थोरलीला घरातली एक जुनी गंमत आठवली. काका एकदा दुपारी जेवायला एका पायात चप्पल आणि दुसरा पाय अनवाणी असा आला होता. निळी, नवी चप्पल. बाबा मागून हसत आले होते. आईने विचारलं तेव्हा काका म्हणाला होता, तुझ्या नवऱ्याला विचार, झाडाला लागेल म्हणून माझी चप्पल कापली त्याने. त्यावर सगळे किती दिवस हसले होते. झाडाला काय लागणार होतं, हे तिने कधी विचारलंच नव्हतं.

ती बोलू शकली असती. तिने तोंड उघडलंही. पण आईने तिच्या दंडावर हात ठेवला. आई काकाकडे बघत होती.

“रबर दिसतंय,” साहेब म्हणाले. “कशाचं, कुणाला माहीत आहे?”

ओढ्यात अडकलेल्या फांद्यांवरून पाणी जायचा आवाज येत होता. काका पुढे आला. अनवाणी, पायांना पिवळा भुसा चिकटलेला. त्याने वाकून त्या निळ्या पट्टीवर बोट ठेवलं आणि ते तिथून उचललं नाही.

“चपलेचं आहे,” तो म्हणाला.

“काका, तुम्ही काही बोलू नका,” त्याचा वकील म्हणाला.

“कुणाच्या चपलेचं?” साहेबांनी पेन कागदावर टेकवलं.

काकाने मान वर केली. समोर आई होती, राखेने नखं काळी झालेला धाकटा होता, तळहातांना रक्त लागलेली थोरली होती. तो त्यांच्याशी बोलला नाही. लाकडाशीच बोलल्यासारखा बोलला.

“माझ्या,” तो म्हणाला. “तार मी धरली होती. दादा खिळा मारत होता.”